रड्या इसाबुरो आणि माझा लोणच्याचा दगड

इसाबुरो अजून जिवंत आहे, हे आधीच सांगून टाकते. एखाद्या माणसाबद्दल सांगायला घेतलं की ऐकणारे उगाच हळहळायला लागतात. हळहळू नका. तो माझ्या भिंतीपलीकडे राहतो, नव्वदीला टेकलाय, दात शाबूत आहेत, आणि आत्ता मी हे लिहितेय तर काठीने भिंत ठोकून विचारतोय, वांगं मुरलं का. मी उत्तर देत नाही. मुरलंय. पण त्याला कशाला सांगू?

तो माझ्या थोरल्या बहिणीचा, फुयुचा नवरा, म्हणजे माझा दाजी. ताईने त्याच्यात काय पाहिलं ते मला शेवटपर्यंत कळलं नाही. उंची बेताची, कान मोठे, आणि धंदा रडण्याचा. हो, रडण्याचा. ओसाकात युद्धानंतर लोकांनी नाना धंदे केले. कुणी जुनं लोखंड वेचलं, कुणी रताळी विकली. हा तेन्नोजी स्टेशनासमोर बसून रडायचा.

गोणपाट अंथरायचा, अंगात कारखान्यातल्या कामगाराचा मळका डगला, पुढ्यात चिखलात लडबडलेली शाईची पेनं. आणि मग सुरू. कारखाना जळाला हो, मालकाने पगाराच्या जागी ही पेनं हातावर ठेवली, बंबाच्या पाण्याने चिखल झाला, गावाकडे म्हातारी आई अंथरुणाला खिळलीय, गाडीच्या तिकिटापुरतं तरी कुणी द्या. असं रडायचा की कुत्री थांबून बघायची. लोक जमायचे, च्यक् च्यक् करायचे. पण नुसतं च्यक् केल्याने कुणाचा हात खिशात जात नाही. तिथे माझी ताई लागायची.

ताई गर्दीतून वाट काढत यायची. हातात भाजीची पिशवी, पिशवीतून मुळ्याची पानं लोंबतायत, आणि त्याला जन्मात कधी पाहिलं नाही असा चेहरा. आली की तोंड सोडायची. "अरे ए भामट्या! कारखाना जळाला म्हणे! मागच्या आठवड्यात क्योबाशीला रडत होतास तेव्हा कोण मेलं होतं रे? धडधाकट शरीर आणि रस्त्यावर बसून नाक गाळतोस, लाज नाही वाटत?" लोक हसायचे. हा आणखी मुसमुसायचा. मग ताई त्याची फजिती करायला म्हणून एक पेन उचलायची, पदर नाही आमच्याकडे, एप्रनाला पुसायची, चिखल निघाला की खाली सोनेरी टोक चमकायचं. ती वर्तमानपत्राच्या कपट्यावर एक रेघ ओढायची आणि गप्प व्हायची. पुन्हा ओढायची. मग अगदी हळू आवाजात, जणू स्वतःशीच, "अगंबाई, हे तर चांगलं आहे की." दोन घ्यायची आणि मान खाली घालून निघून जायची. त्यानंतर गोणपाट रिकामं व्हायला वेळ लागायचा नाही. जी बाई चारचौघांत एवढ्या शिव्या घालते ती खोटं कशाला बोलेल, असं लोकांना वाटायचं.

ती पेनं दुसऱ्या ओळीला प्राण सोडायची. दिसायला सुंदर, म्हणून कुणी फेकून देत नसे. अर्ध्या ओसाकाच्या खणांत आजही एकेक निघेल. त्यातून अक्षर काढायची युक्ती फक्त त्या दोघांना ठाऊक होती. पेन मुठीत धरून ऊब द्यायची, टोक जिभेला लावायचं आणि पालथं धरून लिहायचं.

ताई छातीच्या दुखण्याने गेली. पोर लहान होती, चिझुरू. मला मूल नव्हतं, नवरा युद्धातून परतला नव्हता, गल्लीच्या तोंडाशी माझं लोणच्याचं दुकान. पोर माझ्याकडेच वाढली, तांदळाच्या कोंड्यात भाज्या मुरवायच्या पिंपांमध्ये. दाजीने पेनं सोडली. शिव्या द्यायला कोणी उरलं नव्हतं ना. पण त्याने सरळ काम धरलं असेल असं समजू नका. आमचा न्हावी ओत्सुबो, गल्लीच्या मंडळाचा अध्यक्ष, त्याला याने केस उगवायचं तेल विकलं. ओत्सुबोच्या डोक्यावर जे होतं तेही गेलं. न्हावीच टकला म्हटल्यावर गिऱ्हाईक कमी होणार की नाही? चटईवाल्या हामाजीला याने उंदीर पळवणारी घंटी विकली. ती वाजली की उंदीर गोळा व्हायचे. गल्लीत असं घर नव्हतं की ज्याच्या फळीवर इसाबुरोची एखादी वस्तू धूळ खात पडलेली नाही. सगळी गल्ली त्याच्यावर दात धरून होती. मी सगळ्यांत पुढे.

चिझुरू मात्र उलटी निपजली. तिला खोटं बोलताच येत नाही. दुकानात बसवली तर गिऱ्हाईकाने विचारावं, मुळा ताजा आहे का, आणि हिने सांगावं, "नाही, कालचा आहे, आजचा मावशी संध्याकाळी काढणार." मी डोक्याला हात लावायची. शेवटी तिला कोंबूवाल्यांकडे कामाला लावली. कोंबू म्हणजे समुद्री शेवाळ, त्याच्या वाळवलेल्या पट्ट्या, ज्यांच्याशिवाय आमच्याकडे कढण होत नाही, त्या तासायचं काम. जुनं घराणं, दुकानावरच्या पाटीची अक्षरं पिढ्यांच्या धुराने काळी झालेली. मालक वारलेले, सगळा कारभार मालकीणबाईंच्या हातात. त्यांचा धाकटा मुलगा सेइगो कोंबू तासता तासता आमच्या पोरीकडे बघायला लागला, आणि पोरही त्याच्याकडे.

आता आमच्याकडे मुलगी बघायच्या आधी मुलीची गल्ली बघतात. मुलाकडचे एक माणूस पाठवतात. तो न्हाव्याकडे दाढी करतो, चहाच्या दुकानात बसतो, मांजराला गोंजारतो, आणि मग सहज म्हणून विचारतो, त्या अमक्यांचं घर कसं हो? बाप काय करतो? घरात कुणाला वेड, कुणाला कर्ज, कुणी तुरुंगात? त्यावर सगळं ठरतं. गल्ली नाही म्हणाली की लग्न मोडलं. चिझुरूचा बाप इसाबुरो. गल्ली काय म्हणणार हे सांगायला ज्योतिषी नको.

दाजीलाही ते कळत होतं. एके दिवशी दुपारी तो ओत्सुबोच्या दुकानात गेला. सगळे जमले होते, मीही दारात उभी. याने जमिनीला कपाळ टेकवलं.

"मंडळी, मी तुम्हाला लुबाडलं. पण पोरीने काय केलंय? तिचं लग्न होऊ द्या. लग्न झालं की त्याच आठवड्यात मी ही गल्ली सोडतो. पुन्हा तोंड दाखवणार नाही."

ओत्सुबोच्या हातातला वस्तरा थांबला. "सोडतो म्हणजे? कायमचा?"

"कायमचा."

"घंटीसकट?" हामाजीने विचारलं.

"घंटीसकट."

त्या दुकानात इतका आनंद मी नव्या वर्षालाही पाहिला नव्हता. ज्यांना तो नकोसा झाला होता ते सगळे त्याचे गुण गायला तयार झाले. दाजीने कामं वाटली. कुणी काय बोलायचं, कुठे उसासा टाकायचा, कुठे डोळे पुसायचे. ओत्सुबोची बायको तर घरी आरशासमोर उभी राहून घोकत होती. मी विचारलं, "आणि मी काय बोलायचं?"

"तू?" दाजीने माझ्याकडे असं बघितलं जसं काही मी फुटकं पिंप. "तू नको, किनुए. तुला जमायचं नाही. माणूस येईल त्या दिवशी दुकान बंद ठेव आणि कुठेतरी जाऊन ये."

"जिने पोर वाढवली तिने तोंड लपवायचं, आणि ज्याने वाऱ्यावर सोडली तो संत?"

"बघा," तो मंडळींना म्हणाला, "म्हणूनच म्हटलं."

सगळे हसले. मी दुकानात येऊन पिंपातला कोंडा असा काही घुसळला की कोपरापर्यंत हात लाल झाले. पोरीसाठी गप्प बसले. माणूस आला त्या दिवशी मावसबहिणीकडे जाऊन बसले.

आला तो तपकिरी टोपीवाला, गुळगुळीत. सगळं मला नंतर कळलं. ओत्सुबो म्हणाला, "इसाबुरो-सान? पेनांचे निवृत्त व्यापारी. आमच्या गल्लीचा दिवा आहे तो." हामाजी म्हणाला, "मी आजारी असताना रोज पेज आणून द्यायचे." ओत्सुबोची बायको रडलीसुद्धा, आणि इतकी रडली की टोपीवाल्याने तिला रुमाल दिला. तो तिने परत केला नाही.

त्यानंतर काही दिवसांनी चिझुरू कामावरून आली, ती चपला न काढता पायरीवरच बसली.

"मावशी, मोडलं."

"कुणी काय सांगितलं?"

"कुणी काही वाईट सांगितलं नाही, म्हणूनच मोडलं. मालकीणबाई म्हणाल्या, ओसाकाच्या गल्लीत शत्रू नसलेला माणूस? एकतर तो मेलेला असेल, नाहीतर गल्ली फितवलेली असेल."

मी मनात म्हटलं, बाई हुशार आहे. तोंडाने म्हटलं, "सेइगोला तुझ्या बापाचं माहीत आहे?"

"सगळं. मी पहिल्याच दिवशी सांगितलं. तो म्हणतो आपण पळून जाऊ. मी म्हटलं, मी चोरासारखी जाणार नाही. पुढच्या दाराने जाईन, नाहीतर जाणारच नाही."

"मग?"

"मग काय. नाहीच जाणार." आणि उठून तिने मुळे धुवायला घेतले. रडली असती तर बरं वाटलं असतं. ती नुसती मुळे धूत राहिली, आधीच धुतलेले.

मी भिंत ठोकून ओरडले, "ऐकलंत का दाजी? झालं समाधान? एवढं नाटक करून पोरीच्या ताटात माती कालवलीत!"

पलीकडून आवाज आला नाही. तो गप्प बसला की मला जास्त भीती वाटते.

मग हिगान आला. त्या दिवशी पितरांसाठी सगळं ओसाका शितेन्नोजीच्या देवळाकडे लोटतं, आणि देवळाची वाट आमच्या गल्लीवरून जाते. माझा धंद्याचा दिवस. पहाटे उठून पिंप उघडलं, तर वांगी कोंड्यावर तरंगतायत आणि वर आंबूस पाणी. भाजी दाबून धरणारा झाकणावरचा दगड नाही.

हा दगड काय आहे ते सांगायला हवं. तो आमच्या आईचा. योशिनो नदीतला, काळा, गुळगुळीत, वासरूभर जड. शहरावर बॉम्ब पडले तेव्हा लोक देव घेऊन पळाले, ताई आणि मी हा दगड घेऊन पळालो. मी एक टोक, ती एक टोक. पिंपं जळाली, दगड राहिला. त्याच्यावर मी पुन्हा दुकान उभं केलं.

तो दगड इसाबुरोच्या दारात होता. मांजर आत येऊ नये म्हणून दाराला लावलेला.

"दाजी!"

तो दात कोरत बाहेर आला. "काय गं सकाळी सकाळी?"

"हा दगड कुणाचा?"

"दगड? दगड नदीचा." आणि हसला. "अगं, दगडच तर आहे. दुसरा घे कुठलातरी."

मी त्याला काय काय म्हटलं ते इथे लिहिता यायचं नाही. ओत्सुबोने दार उघडलं आणि पुन्हा लावून घेतलं. दाजी मात्र तसाच उभा, अगदी पाऊस अंगावर घ्यावा तसा. मग टोपी घातली आणि म्हणाला, "बरं, मी जरा देवळात जाऊन येतो. दगड तू उचल, माझी कंबर धरलीय." आणि चालायला लागला. तो दगड मी एकटीने ओढत, लोटत दुकानात आणला. वांगी गेलीच होती.

तेवढ्यात एक बाई दुकानाशी थांबली. अंगात विटका सुती किमोनो, स्वयंपाकीणबाईसारखा. पायात मोजे मात्र पांढरेशुभ्र, चुण्या नसलेले. चुलीपाशी राबणारीचे मोजे असे नसतात. माझं डोकं थंड असतं तर तिथेच ओळखलं असतं.

"वांगं आहे का मुरलेलं?"

"होतं. एका हलकटाने रात्रीत दगड पळवला. आता नासकं आहे. घेऊ नका."

"कोण हो?"

"हा शेजारचा. इसाबुरो."

"इसाबुरो-सान? पेनांचे व्यापारी ते? फार सज्जन म्हणतात."

"कोण म्हणतं? न्हावी म्हणतो? त्या न्हाव्याच्या डोक्यावर एक केस दिसला का तुम्हाला? इसाबुरोचं तेल लावून बसलाय तो! चटईवाला म्हणतो? त्याच्या घरात जाऊन उंदीर मोजून या! सज्जन! तो गल्ली सोडून जाणार म्हणून सगळे त्याला सज्जन म्हणतायत, समजलं?"

बाई पायरीवर टेकली. "बसते जरा. मग काय करतो तो खरं?"

मी सांगितलं. सगळं सांगितलं. गोणपाट, चिखल, रडणं, जळालेला कारखाना, आजारी आई. त्याची आई हा दुपट्यात होता तेव्हाच वारलेली. गर्दीतून येऊन शिव्या देणाऱ्या बाईचं सांगितलं तेव्हा ती एकदम म्हणाली, "तिच्या पिशवीतून मुळ्याची पानं लोंबायची का?"

"लोंबायची. तुम्हाला कसं ठाऊक?"

"अशीच. कुठेतरी ऐकलं असेल. कोण होती ती?"

"माझी ताई. ह्याची बायको. तिला ह्याने ह्या धंद्याला लावलं. थंडीत उभी राहून राहून गेली बिचारी."

"आणि त्यांची मुलगी?"

"ती मी वाढवली. हट्टी आहे. भात करपवते. सकाळी हाक मारून मारून माझा घसा बसतो. दुकानात बसवली तर माझंच दिवाळं काढते, मुळा कालचा आहे म्हणून सांगते. कोंबूवाल्यांच्या घरी द्यायची होती, त्या मालकीणबाईंनी मोडलं. मी म्हणते बरोबर केलं. असल्या बापाच्या घरात कोण सोयरीक करील? पण बाई, मोडायच्या आधी एकदा स्वतः यायचं, पोरीला हाताशी घेऊन बघायचं. टोपीवाले कसले पाठवतात! वरचा चिखल जरा पुसून बघायला काय झालं होतं?"

बोलताना माझा आवाज एकदम खाली आला, का ते मलाच कळलं नाही. बाई उठली.

"ही वांगीच द्या."

"नासकी आहेत म्हटलं ना."

"सांगून विकताय, म्हणून घेते."

दोन वांगी घेतली आणि मान खाली घालून निघून गेली.

तीन दिवसांत कोंबूवाल्यांकडून मध्यस्थ आला. लग्न पक्कं. अट एकच, बापाने समोर यायचं नाही. जुनं घराणं आहे, नातेवाईक बसणार, कुणी ओळखलं तर तोंड दाखवायला जागा नाही. बाप आजारी आहे असं सांगायचं आणि त्याच्या जागी मुलीच्या कुणा प्रतिष्ठित काकाला बसवायचं.

मला राग आला. होय, मलाच. "म्हणजे? खोटेपणा चालत नाही म्हणून लग्न मोडता, आणि आता तुम्हीच खोटा काका मागता?"

मध्यस्थाने घाम पुसला. "बाई, ते खोटं नाही. तो रिवाज आहे."

दाजी पलीकडून म्हणाला, "काका ना? मिळेल काका."

लग्नाच्या दिवशी काका आला. भाड्याचा काळा झगा, त्याच्यावर कुठल्या घराण्याचं चिन्ह होतं देव जाणे, केसांना तेल, हातात पंखा. मी हातातला कंगवा खाली ठेवला.

"दाजी, तुम्ही?"

"कोण दाजी? मी मुलीचा काका. वाकायामाचा. संत्र्यांच्या बागा आहेत माझ्या."

"काय अट होती?"

"बापाने यायचं नाही. बाप आलेलाच नाही. आजारी आहे बिचारा."

चिझुरू पांढऱ्या वेषात बसली होती. तिने मान वर केली. "मला कुणी विचारलं तर मी खरं सांगणार आहे, बाबा."

"नवरीला कोण विचारतं? नवरीने खाली बघायचं असतं. बघ खाली."

ती खाली बघून हसत होती की काय, पांढऱ्या टोपडीखाली दिसलं नाही.

विधी झाले, साके पिऊन झाली, जेवणाला बसलो. पुढ्यात शिजवलेला अख्खा लाल मासा. मी जेवायच्या काड्या उचलते तोच मालकीणबाई आमच्यासमोर येऊन बसल्या. काळा रेशमी किमोनो, पाच ठिकाणी चिन्ह, आणि पायात तेच पांढरेशुभ्र मोजे. माझा घास तसाच राहिला.

"लोणचेवाल्या बाई," त्या वाकून म्हणाल्या, "वांगं नासकंच होतं."

"मी सांगितलं होतं."

"होय. तुम्ही सांगितलं होतं." मग त्या दाजीकडे वळल्या. "हे मुलीचे काका. वाकायामाचे. संत्री कशी आहेत यंदा?"

"गोड आहेत, पाऊस वेळेवर पडला," दाजी म्हणाला. एक पापणी हलली नाही त्याची.

"मग एक पेटी मागवते. पत्ता लिहून द्या ना." त्यांनी कमरपट्ट्यातून एक पेन काढलं आणि कागदाच्या कपट्यासकट पुढे केलं.

मी ते पेन ओळखलं. सोनेरी टोक, काळं अंग. त्या काळी मीच त्यांना चिखल लावत बसायची, मला ओळखू येणार नाही?

दाजी म्हणू शकला असता, चष्मा विसरलो. म्हणू शकला असता, हात दुखतोय. जन्मभर खोटं बोललेला माणूस, त्याला एक सबब सुचायला काय लागतं? पण हातात पेन आलं आणि त्याचा हातच त्याचा राहिला नाही. त्याने ते मुठीत घेतलं, ऊब दिली. टोक जिभेला लावलं. पालथं केलं. आणि वाकायामाचा पत्ता कागदावर काळ्याभोर शाईत असा झोकात उमटला की मला त्याही वेळी ताईची आठवण झाली.

मग त्याला कळलं.

मालकीणबाईंनी कागद उचलला, फुंकर मारली. "स्टेशनासमोर घेतलं होतं मी. तरुण होते. नवऱ्याला भेट म्हणून. एक बाई येऊन शिव्या देत होती, मला वाटलं ही तर खोटं बोलणार नाही. इतकी वर्षं झाली, ह्याच्यातून माझ्याने एक अक्षर उमटलं नाही." त्यांनी पेन परत पट्ट्यात खोचलं आणि हळूच, शेजारच्यालाही ऐकू जाणार नाही अशा आवाजात म्हणाल्या, "व्याहीबुवा, मासा गार होतोय. जेवा."

जगाला रडून दाखवणारा इसाबुरो, त्याच्या डोळ्यात टिपूस नाही. मोठे कान लालभडक. मला मनापासून आनंद झाला. पण मालकीणबाई उठता उठता मला म्हणाल्या, "त्या वेळी मला तुमच्या बहिणीने गळाला लावलं आणि ह्या वेळी तुम्ही."

"मी? मी एक शब्द खोटा बोलले नाही!"

"म्हणूनच तर लागले." आणि त्या पाहुण्यांकडे गेल्या.

मी बसून राहिले. शिव्या. मग चिखल पुसणं. मग आवाज खाली. मग नासकी वांगी. हिगानचा दिवस. चिझुरूने घरी सांगितलं असणार, मालकीणबाई हिगानला शितेन्नोजीला येणार म्हणून. वाट आमच्या गल्लीवरून. आणि बरोबर त्याच पहाटे…

"दाजी."

"हं." तो माशाचा काटा काढत होता.

"दगड."

तो काटा काढतच राहिला. "सगळ्यांना काम दिलं, तुला दिलं नाही, ते उगाच नाही. तू पाठ केलेलं बोलली असतीस तर कोणी विश्वास ठेवला नसता. तुला नुसतं तापवायचं होतं." मग जरा थांबून म्हणाला, "फुयु गेल्यापासून अशा शिव्या ऐकल्या नव्हत्या मी, किनुए. देवळात गेलोच नाही, कोपऱ्यावर उभा होतो. सगळं ऐकलं."

मी टाच उचलली आणि बैठ्या मेजाखाली त्याच्या पायावर अशी दाबली की त्याच्या तोंडातून किंकाळी निघता निघता राहिली आणि डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहिलं. समोरच्या कोंबूवाल्यांच्या आत्याबाईंनी रुमाल काढला. "बघा," त्या म्हणाल्या, "काका असून किती माया. बाप असता तर काय झालं असतं!" मग दोघी-तिघींनी डोळे पुसले. नवरीने मात्र खाली बघायचं सोडून सरळ बापाकडे बघितलं आणि मोठ्याने हसली. तिच्या घरात आजही त्या हसण्याची चर्चा होते.

आता गल्लीचं. लग्नानंतर आठवडा उलटला. ओत्सुबो हात चोळत आला. "इसाबुरो, कधी निघताय?"

"कुठे?"

"गल्ली सोडून. तुम्ही कपाळ टेकलं होतं!"

"सोडली असती हो," दाजी म्हणाला, "पण वाकायामाला जाऊन बघितलं, माझी संत्र्यांची बाग कुठे सापडेना."

ओत्सुबो वारला तो त्याच्याशी न बोलताच. हामाजीचा मुलगा अजून त्याला बघितलं की थुंकतो. मीही बोलत नाही, कामापुरतंच. चिझुरू वर्षातून दोनदा सेइगोबरोबर पुढच्या दाराने येते, कोंबूचा जाड गठ्ठा आणते, अर्धा मला, अर्धा त्याला. आता तीच त्या दुकानाची मालकीण आहे. कोंबूचं टोक किडकं असेल तर गिऱ्हाईकाला दाखवून मग विकते, आणि म्हणे तिचं दुकान चालतं. मी ऐकून घेते.

दगड माझ्याकडे आहे. लोहाराकडून त्याला पोलादी पट्टी मारून घेतली आहे, पट्टीला साखळी, साखळी पिंपाला. पोरं हसतात, म्हणतात आजी, दगडाला कुलूप? हसू देत. पलीकडे कोण राहतं ते त्यांना ठाऊक नाही.

पुन्हा ठोकतोय. "किनुए, अगं मुरलं का?"

"नाही मुरलं!"

"मग वास कसला येतोय?"

उठते आता. एक वांगं देईन त्याला, लहान बघून. आणि देताना आज अशी काही शिवी ऐकवीन की त्याला जेवण गोड लागेल.